हरवलेल्या मंडळीचा पत्ता

न्यूयॉर्क राज्यातल्या पामायरा गावात मुख्य रस्ता आणि कॅननडाग्वाकडून येणारा रस्ता जिथे एकमेकांना छेदतात, तिथे चार कोपऱ्यांवर चार चर्च आहेत. प्रेस्बिटेरियन, मेथडिस्ट, बॅप्टिस्ट आणि एपिस्कोपल. या इमारती नंतरच्या काळातल्या, पण त्यांच्यामागचं भांडण जुनं आहे. येशूने स्थापलेली खरी मंडळी आमचीच, बाकीच्यांची वाट चुकली, असं यातला प्रत्येक पंथ कधी ना कधी दुसऱ्याला ऐकवून बसला होता. ही वादावादी ऐकत वाढलेल्या एका शेतकऱ्याच्या पोराने पुढे जाहीर केलं की चौघंही चुकलेत. मूळ मंडळी पृथ्वीवरून केव्हाच नाहीशी झाली आणि ती पुन्हा उभी करायचं काम देवाने मला सांगितलंय.

यंदाच्या अंकासाठी संपादकांनी विषय दिला ‘मुळाकडे’. गाव, भाषा, बियाणं यांवर लिहिणारे पुष्कळ असतील. मला आठवले ते मॉर्मन, म्हणजे त्याच पोराचे अनुयायी. आपल्याकडे त्यांची ओळख दोन गोष्टींपुरती: एक, त्यांच्यातले पुरुष अनेक बायका करायचे, दोन, शेरलॉक होम्सच्या पहिल्याच कादंबरीत ते खलनायक आहेत. पण ‘मुळाकडे जाणं’ इतकं शब्दशः कुणी अंगावर घेतल्याचं दुसरं उदाहरण गेल्या दोनशे वर्षांत सापडणं कठीण. मावसभाऊ रॉचेस्टरला असतो, तिथून पामायरा अर्ध्या-पाऊण तासावर. ‘तिथे बघण्यासारखं काय आहे? शेतं आणि एक टेकडी,’ तो म्हणाला. वर्षानुवर्षं शेजारी राहून तो एकदाही गेला नव्हता. गाडी मात्र त्यानेच काढली.

होरपळलेला मुलूख

त्या शेतकऱ्याच्या पोराचं नाव जोसेफ स्मिथ. जन्म १८०५ चा, व्हरमाँटमधल्या शॅरन गावचा. १८१५ साली इंडोनेशियातला तांबोरा ज्वालामुखी फुटला आणि त्याच्या राखेने पुढच्या वर्षी अमेरिकेच्या ईशान्य भागात उन्हाळा असा आलाच नाही. जूनमध्ये बर्फ पडलं, पिकं गेली. व्हरमाँटमधली हजारो कुटुंबं पश्चिमेकडे निघाली, त्यांतलंच एक स्मिथांचं. इरी कालव्याचं काम सुरू होणार होतं, जमिनीच्या किमती चढत होत्या, जो तो नव्याने बस्तान बसवत होता. जुनी गावं सुटली तशी जुन्या चर्चची पकडही सुटली.

या पट्ट्यात धर्मप्रचारकांच्या सभांची एवढी धग होती की पुढे त्याला होरपळलेला मुलूख असंच नाव पडलं. उघड्या मैदानावर तंबू ठोकून दिवसचे दिवस सभा चालत. लोक रडत, थरथरत, जमिनीवर कोसळत. सभा संपली की नवे भक्त कुणाचे यावरून पंथांची रस्सीखेच. स्मिथांच्या घरातच तट पडले होते. आई लूसी आणि काही मुलं प्रेस्बिटेरियन चर्चमध्ये गेली. बाप मात्र कुठल्याच चर्चची पायरी चढेना. त्याला स्वप्नं पडत आणि तो ती घरच्यांना सांगत बसे.

जोसेफने पुढे सांगितलेल्या हकिकतीनुसार, चौदा वर्षांचा असताना त्याने बायबलमधल्या याकोबाच्या पत्रात वाचलं की ज्याला उमगत नाही त्याने देवाला विचारावं. म्हणून तो घरामागच्या रानात गेला आणि त्याने विचारलं. १८३८ च्या कथनात देवपिता आणि येशू असे दोघं त्याला दिसतात आणि कुठल्याच पंथात जाऊ नकोस असं सांगतात. १८३२ मध्ये त्याने स्वतःच्या हाताने लिहिलेल्या टिपणात मात्र एकट्या प्रभूचं दर्शन आहे, आणि ओढ आहे ती पापांच्या क्षमेची. हे टिपण १९६० च्या दशकापर्यंत लोकांसमोर आलंच नव्हतं.

ते रान आजही राखलेलं आहे. मेपल आणि बीचची उंच झाडं, मऊ पायवाटा, मधूनमधून बाकं. मार्गदर्शक म्हणून काम करणारी तरुणी अमेरिकेच्या पश्चिम टोकाकडून दीड वर्षाच्या सेवेसाठी आलेली. सगळे तिला ‘सिस्टर’ म्हणत होते, मीही म्हटलं. ‘सिस्टर, दोन हकिकतींत फरक आहे तो?’ प्रश्न तिच्या सवयीचा होता. ‘पौलाची गोष्ट तरी कुठे एकसारखी आहे?’ तिने उलट विचारलं.

उत्तर पाठ केलेलं असेल, पण खोटं नाही. ‘प्रेषितांची कृत्ये’ या पुस्तकात दिमिष्काच्या वाटेवरचं पौलाचं दर्शन तीनदा येतं. नवव्या अध्यायात सोबत्यांना वाणी ऐकू येते, दिसत कुणीच नाही. बाविसाव्यात त्यांना प्रकाश दिसतो, वाणी ऐकू येत नाही. फरक एवढाच की पौलाच्या गोष्टीच्या पहिल्या खरड्यापर्यंत आपण पोचू शकत नाही. जोसेफच्या गोष्टीचे खरडे खोडाखोडीसकट जपलेले आहेत. मला हा सगळा विषय यासाठीच मोलाचा वाटतो. पहिल्या शतकात एक नवा धर्म कसा आकाराला आला असेल याबद्दल अभ्यासक तुकड्यांवरून तर्क करतात. इथे तसंच काहीतरी वर्तमानपत्रं, कोर्टाचे कागद आणि गहाणखतांच्या साक्षीने घडलं.

टोपी, दगड आणि एकशे सोळा पानं

गावाच्या दक्षिणेला कमोरा टेकडी आहे. हिमनदीने मागे ठेवलेल्या मातीच्या लांबट टेकड्या या भागात जागोजागी आहेत, त्यांतलीच ही एक. वर मोरोनी या देवदूताचा पुतळा. जोसेफच्या सांगण्यानुसार १८२३ च्या सप्टेंबरात हा देवदूत त्याला रात्री दिसला आणि सोन्याच्या पत्र्यांवर कोरलेला ग्रंथ या टेकडीत पुरलेला आहे असं म्हणाला. पत्रे हाती आले ते चार वर्षांनी.

पुरलेल्या धनाची भाषा या मुलुखाला नवी नव्हती. जमिनीतलं धन मंत्रतंत्राने शोधणाऱ्या टोळ्या इथे रात्री-अपरात्री खणत फिरत. जोसेफही त्यात होता. पाण्यातून झिजून गुळगुळीत झालेला एक दगड टोपीत ठेवायचा, टोपीत तोंड खुपसून उजेड बंद करायचा आणि दगडात काय दिसतं ते सांगायचं, अशी त्याची रीत. १८२५ मध्ये एका सधन शेतकऱ्याने स्पॅनिश लोकांची चांदीची खाण शोधायला त्याला पेनसिल्व्हेनियात नेलं. खाण मिळाली नाही. दुसऱ्या वर्षी याच उद्योगापायी त्याला कोर्टासमोर उभं राहावं लागलं. त्या मोहिमेवर असताना ज्या घरी तो उतरला, तिथली मुलगी एमा त्याच्या प्रेमात पडली आणि बापाच्या मनाविरुद्ध १८२७ मध्ये दोघांनी लग्न केलं.

ग्रंथाचं भाषांतरही बरंचसं असंच झालं. टोपीत दगड, टोपीत तोंड, तो सांगतोय आणि समोर बसलेला लिहून घेतोय. पत्रे बहुतेक वेळ फडक्यात गुंडाळून बाजूला. अधिकृत चित्रांत कित्येक वर्षं जोसेफ पत्र्यांवर बोट ठेवून वाचताना दाखवला जाई. टोपीची गोष्ट टीकाकार सांगत. २०१५ मध्ये मात्र चर्चने आपल्या तिजोरीतल्या तपकिरी, अंड्याच्या आकाराच्या दगडाचा फोटो स्वतःच छापला.

सुरुवातीचा एक लेखनिक मार्टिन हॅरिस, गावातला खाऊन-पिऊन सुखी शेतकरी. बायकोला पटवायला त्याने पहिली एकशे सोळा पानं हट्टाने घरी नेली आणि ती हरवली. आपल्याकडे लीळाचरित्राची मूळ पोथी स्वारीच्या धामधुमीत गेली तेव्हा महानुभावांनी ती आठवणीतून पुन्हा जुळवली, त्यातून पाठभेदही झाले. जोसेफने ती वाट घेतली नाही. देवाने तो भाग पुन्हा करायला मनाई केली आहे, कारण चोरांनी पानांत फेरफार करून ठेवलेत, असं त्याने सांगितलं. तोच काळ दुसऱ्या पत्र्यांवर वेगळ्या शब्दांत आलेला आहे, तो घेऊ. दुसऱ्यांदा तेच शब्द येणार नाहीत ही त्याची भीती होती, असं शंकेखोर म्हणतात. मलाही त्यांचंच पटतं. पण १८२९ च्या वसंतात ऑलिव्हर काउडरी हा शिक्षक लेखनिक म्हणून मिळाल्यावर जोसेफने जेमतेम तीन महिन्यांत जवळपास सहाशे छापील पानांचा मजकूर तोंडी सांगून संपवला. शिक्षण बेताचं असलेल्या तेवीस वर्षांच्या माणसासाठी ही साधी गोष्ट नाही.

ग्रँडिनचा छापखाना

मुख्य रस्त्यावर ग्रँडिनच्या छापखान्याची विटांची इमारत चर्चने जशीच्या तशी सजवून ठेवली आहे. वरच्या मजल्यावर खिळ्यांचे खण, शाई लावायचे चामड्याचे गोळे, दोऱ्यांवर वाळत घातलेले कागद. पाच हजार प्रतींसाठी ग्रँडिनने तीन हजार डॉलर मागितले, तेही हमी मिळाल्याशिवाय हात लावणार नाही म्हणून. मार्टिन हॅरिसने शेत गहाण टाकलं. पुढे त्याची जमीन गेली आणि बायकोही वेगळी राहू लागली.

खिळे जुळवणारा जॉन गिल्बर्ट म्हातारपणी आठवणी सांगून गेलाय. जोसेफचा भाऊ हायरम सकाळी चोवीस पानं वास्कटाच्या आत दडवून, वर कोटाची बटणं लावून आणायचा आणि संध्याकाळी तशीच परत न्यायचा. एकशे सोळा पानांनी घातलेली धास्ती! त्या पानांत ना पूर्णविराम, ना स्वल्पविराम, ना परिच्छेद. गिल्बर्ट पेन्सिल घेऊन बसला आणि विरामचिन्हं त्याने घातली. म्हणजे देवाच्या वाणीत श्वास कुठे घ्यायचा ते पामायरातल्या एका छापखानेवाल्याने ठरवलं.

एवढी काळजी घेऊनही चोरी झालीच. ॲबनर कोल नावाचा गृहस्थ टोपणनावाने एक टवाळखोर पत्र काढायचा, आणि छापायचा याच यंत्रावर. समोर पडलेली पानं त्याने उचलली आणि ग्रंथ बाजारात येण्याआधीच उतारे छापले. जोसेफला स्वतः येऊन कॉपीराइटची धमकी द्यावी लागली. मार्च १८३० मध्ये पुस्तक विक्रीला आलं. एप्रिलच्या सहा तारखेला फेएटमध्ये चर्चची रीतसर स्थापना झाली.

पुस्तकात काय आहे? इसवी सनापूर्वी सहाशेच्या सुमारास जेरुसलेम सोडून समुद्रमार्गे अमेरिकेत आलेलं एक कुटुंब, त्याच्या दोन शाखांतली पिढ्यान् पिढ्यांची युद्धं, आणि मधोमध पुनरुत्थानानंतर अमेरिकेत अवतरलेला येशू. पुरातत्त्वाला याचा मागमूस मिळालेला नाही. कोलंबसपूर्व अमेरिकेत नसलेले घोडे आणि पोलाद या ग्रंथात आहेत. पण त्या काळच्या वाचकाला खटकलं ते वेगळंच. अलेक्झांडर कॅम्पबेल या धर्मसुधारकाने १८३१ मध्ये लिहिलं, की गेल्या दहा वर्षांत न्यूयॉर्कमध्ये जे जे वाद झाले त्या सगळ्यांचा निकाल या प्राचीन ग्रंथात लागलेला दिसतो. तान्ह्या बाळाला बाप्तिस्मा द्यावा की नाही, बाप्तिस्मा देण्याचा अधिकार कुणाला, त्रैक्याचं काय, अगदी सगळ्यांचा.

टोमणा नेमका आहे, आणि कॅम्पबेलला तो मारायचं कारणही होतं. तो स्वतः नव्या करारातली मूळ मंडळी परत आणायला निघालेला माणूस. त्याच्या गोटातला सिडनी रिग्डन हा फर्डा वक्ता १८३० च्या अखेरीस ओहायोत जोसेफच्या पंथात गेला, आणि त्याच्यामागे त्याची माणसंही गेली. गिऱ्हाईक एकच होतं. माल जोसेफकडे जास्त होता.

साखळी

जास्त म्हणजे काय, तर अधिकार. बाप्तिस्मा कुणी दिला तर तो लागू होतो? कॅथलिक सांगतात की पेत्रापासून बिशपांची साखळी अखंड आहे. प्रॉटेस्टंट म्हणतात, साखळी कशाला, बायबल आहे ना. तिसरं एक उत्तर जुनंच होतं. सतराव्या शतकात रोड आयलंड वसवणारा रॉजर विल्यम्स या निष्कर्षाला येऊन पोचला होता, की खरी मंडळी लोपली आहे आणि ख्रिस्त नवे प्रेषित पाठवेपर्यंत कुणालाच ती उभारता यायची नाही. तो वाट पाहत राहिला.

जोसेफने तीच मांडणी घेऊन तिचा शेवट केला. साखळी तुटली, मान्य. मग तिची पहिली कडीच इथे आली. १५ मे १८२९ रोजी सस्क्वेहाना नदीकाठी बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाने त्याच्या आणि काउडरीच्या डोक्यावर हात ठेवून अहरोनाचं याजकपण दिलं आणि दोघांनी एकमेकांना नदीत बुडवून बाप्तिस्मा दिला, असं त्यांनी सांगितलं. पुढे पेत्र, याकोब आणि योहान येऊन मलकीसदेकाचं याजकपण देऊन गेले. अठराशे वर्षांचा चर्चचा इतिहास एका फटक्यात वळसा घालून टाळला. त्यानंतर बारा प्रेषित नेमले गेले. लूकच्या शुभवर्तमानातले सत्तर जण म्हणून सत्तरांचा वर्गही आला. पहिली मंडळी मालमत्ता सामायिक ठेवायची म्हणून १८३१ मध्ये सर्वस्व अर्पण करण्याचा नियम झाला, आणि माणसं माणसांसारखीच वागल्यामुळे तो लवकरच बारगळला.

अभ्यासकाच्या नजरेतून यातली खरी अडचण अशी की जिथे परत जायचं ती एकसंध मूळ मंडळी कधी होती का? पहिल्या दोन शतकांत यहुदी नियम पाळणारे ख्रिस्ती होते, न पाळणारे होते, जुना करारच नाकारणारे मार्किओनचे अनुयायी होते. कुणाकडे एक शुभवर्तमान, कुणाकडे चार. जोसेफने त्या पसाऱ्यातलं नेमकं काय उचललं, ते एका रिवाजात सर्वांत स्वच्छ दिसतं.

मेलेल्यांसाठी

१८२३ च्या नोव्हेंबरात जोसेफचा थोरला भाऊ ॲल्विन वारला. घराचा आधार तोच. बाप्तिस्मा झालेला नव्हता. अंत्यविधीच्या प्रवचनात प्रेस्बिटेरियन पाळकाने तो नरकात गेल्याचं जवळजवळ सुचवलं, असं धाकट्या भावाने नंतर सांगितलंय. बापाच्या मनातून हे कधी गेलं नाही. १८३६ मध्ये जोसेफला दर्शनात ॲल्विन स्वर्गात दिसला. १८४० मध्ये, तोवर चर्च जिथे हललं होतं त्या इलिनॉयमधल्या नावू इथे एका अंत्यविधीतच त्याने सांगितलं, की जिवंत माणसाने मेलेल्याच्या वतीने बाप्तिस्मा घ्यावा. थोड्याच दिवसांत एक विधवा आपल्या मेलेल्या मुलासाठी मिसिसिपीत उतरली.

आधार करिंथकरांना लिहिलेल्या पहिल्या पत्रातला. पंधराव्या अध्यायात पौल जाता जाता विचारतो, की मेलेले उठणारच नसतील तर त्यांच्यासाठी बाप्तिस्मा घेणारे काय करताहेत? एवढंच, पुढे खुलासा नाही. चौथ्या शतकाच्या अखेरीस ख्रिसोस्तोम हा धर्मोपदेशक सांगतो, की मार्किओनपंथी लोक बाप्तिस्म्याविना मेलेल्याच्या पलंगाखाली जिवंत माणूस लपवत, प्रेताला प्रश्न विचारत आणि खालचा माणूस त्याच्या वतीने ‘हो’ म्हणत असे. ख्रिसोस्तोम हे हसण्यावारी नेतो. चर्चच्या परिषदांनी अशा प्रथांना बंदी केली होती. म्हणजे इतिहासात ही प्रथा होती, पण काठावरची. जोसेफने काठावरचं उचलून गाभाऱ्यात बसवलं, आणि त्यामागे शास्त्रार्थ कमी आणि भावाचं दुःख जास्त होतं.

त्यातूनच वंशावळींचा तो अवाढव्य कारखाना उभा राहिला. पूर्वजांसाठी बाप्तिस्मा घ्यायचा तर आधी त्यांची नावं हवीत. चर्चचं आजचं मुख्यालय असलेल्या सॉल्ट लेकजवळच्या डोंगराच्या पोटात मायक्रोफिल्मचं भांडार आहे. हरिद्वारच्या पंड्यांच्या वह्यांचंही चित्रण त्यांनी केलेलं आहे. त्र्यंबकेश्वरला उपाध्यायांच्या वहीत पणजोबांची सही शोधणाऱ्याला या माणसांचं वेड परकं वाटू नये. नाझींच्या छळात मेलेल्या ज्यूंची नावं घेतली गेली तेव्हा मात्र मोठा गहजब झाला आणि १९९५ मध्ये चर्चला ते थांबवण्याचं कबूल करावं लागलं.

पाव आणि पाणी

रविवारी रॉचेस्टरच्या बाजूच्या एका मॉर्मन प्रार्थनाघरात जाऊन मागच्या बाकावर बसलो. क्रूस कुठेच नाही. पगारी पाळक नाही. बिशप म्हणजे आठवडाभर आपली नोकरी करून रविवारी हे काम पाहणारा गृहस्थ. पुढच्या टेबलाशी सोळा-सतरा वर्षांची दोन पोरं पावाचे तुकडे करत होती. एकाने गुडघे टेकून प्रार्थना म्हटली. ती शब्दशः ठरलेली असते. मध्येच तो एका शब्दाला अडखळला, त्याने बिशपकडे पाहिलं, बिशपने मान हलवली, आणि पोराने पहिल्यापासून पुन्हा म्हटली. कुणी हसलं नाही. मग बारा-तेरा वर्षांची मुलं ताटं घेऊन रांगांतून फिरली: आधी पाव, मग इवल्या पेल्यांतून पाणी.

पाणी, द्राक्षारस नाही. तिसऱ्या शतकात कार्थेजचा बिशप सिप्रियन प्रभुभोजनात नुसतं पाणी वापरणाऱ्या ख्रिस्ती लोकांना एका पत्रात खडसावतो, म्हणजे तशी मंडळी तेव्हाही होती. पण मॉर्मनांनी पाणी घेतलं ते सिप्रियनच्या विरोधकांकडून नव्हे. शत्रूंकडून दारू विकत घेऊ नका, काय खाता-पिता याला महत्त्व नाही, असा साक्षात्कार १८३० मध्ये झाला होता. पुढे मद्य, तंबाखू, चहा, कॉफी सगळंच वर्ज्य झालं. सभा संपल्यावर चहा विचारतील ही आशा सोडूनच जावं.

बाकीचे ख्रिस्ती यांना ख्रिस्ती मानतात का? व्हॅटिकनने २००१ मध्ये सांगितलं की यांचा बाप्तिस्मा ग्राह्य नाही. शब्द तेच, पण पिता, पुत्र, पवित्र आत्मा यांचा अर्थ वेगळा. ३२५ साली निकेयाच्या परिषदेने पुत्र पित्याशी एकतत्त्व आहे असं ठरवलं. मॉर्मनांच्या लेखी मूळ वाट तोवर सुटलेलीच होती. त्यांच्यासाठी हे तिघं वेगवेगळे, एका हेतूने बांधलेले. १८४४ च्या एप्रिलमध्ये जोसेफ आणखी पुढे गेला: देवही कधीकाळी माणसासारखा होता आणि माणूस देवपदाला पोचू शकतो. मॉर्मन अभ्यासक इथे अथनासियस या बिशपकडे बोट दाखवतात. देव माणूस झाला तो माणसाने देव व्हावं म्हणून, असा विचार त्याने चौथ्या शतकात मांडला होता. खरं आहे, पण अर्धंच. अथनासियसच्या मते निर्माता आणि निर्मिती यांच्यातली दरी कधीच बुजत नाही, माणूस कृपेने वर जातो. जोसेफने दरीच काढून टाकली.

त्याच्या मागे कोण

जून १८४४ मध्ये नावूमधल्या फुटीर अनुयायांनी वर्तमानपत्र काढून जोसेफची गुप्त लग्नं चव्हाट्यावर आणली. त्याने शहराचा महापौर या नात्याने तो छापखाना मोडायला लावला. छापखान्यातून उभा राहिलेला माणूस छापखाना मोडून अडकला. २७ जूनला इलिनॉयमधल्याच कार्थेज गावच्या तुरुंगात जमावाने त्याला आणि हायरमला गोळ्या घातल्या.

वारस कोण? रिग्डनने दावा सांगितला. जेम्स स्ट्रँगने जोसेफचं म्हणून एक पत्र दाखवलं, स्वतःचे पत्रे खणून काढले आणि मिशिगन सरोवरातल्या एका बेटावर राज्याभिषेक करून घेतला. बहुसंख्य लोक प्रेषितांचा प्रमुख ब्रिगम यंग याच्यामागे गेले आणि १८४७ मध्ये सॉल्ट लेकच्या खोऱ्यात पोचले. एमा गेली नाही. १८६० मध्ये तिचा मुलगा जोसेफ तिसरा वेगळ्या चर्चचा प्रमुख झाला. जेरुसलेममध्येही येशूनंतर मंडळी त्याच्या भावाच्या, याकोबाच्या हाती होती आणि त्याच्यामागेही घरातलाच माणूस आला, असं चर्चचा जुना इतिहासकार युसेबियस सांगतो. तिथेही कुटुंबाची शाखा मागे पडली आणि प्रेषितांच्या नावाने चालणारी शाखा जगभर गेली. जॅन शिप्स या इतिहासकार म्हणतात, की यहुदी धर्मातून ख्रिस्ती धर्म निघाला तसा ख्रिस्ती धर्मातून हा निघाला. जुन्याची डागडुजी म्हणून सुरुवात, प्रत्यक्षात नवं घर. मला हे मॉर्मनांच्या आणि त्यांच्या विरोधकांच्याही मांडणीपेक्षा जास्त पटतं.

जगभर जाताना एक फाटा आपल्याकडेही आला होता. १८५२ मध्ये ह्यू फिंडले हा मिशनरी मुंबईत उतरला आणि पुण्याच्या छावणीच्या आसऱ्याने त्याने मूठभरांची मंडळी जमवली. छावणीचे अधिकारी पाठीमागे लागलेलेच होते, त्यात त्याच वर्षी यूटामध्ये बहुपत्नीत्व उघडपणे जाहीर झाल्याची बातमी पाठोपाठ येऊन थडकली. दशकाच्या मध्यापर्यंत हिंदुस्थानातलं सगळं काम गुंडाळलं गेलं.

एमाच्या मुलाचं चर्च आता कम्युनिटी ऑफ ख्राइस्ट म्हणून ओळखलं जातं. ते पुष्कळसं मुख्य धारेच्या प्रॉटेस्टंटांसारखं झालं आहे. पण वडिलोपार्जित चिजा त्यांच्याकडेच राहिल्या होत्या. काउडरीच्या वगैरे हातची, छापखान्यात नेली जाणारी ती हस्तलिखित प्रत २०१७ मध्ये सॉल्ट लेकच्या चर्चने त्यांच्याकडून साडेतीन कोटी डॉलरना घेतली. २०२४ च्या मार्चमध्ये ओहायोतलं कर्टलंडचं मंदिर, जोसेफने १८३६ मध्ये अर्पण केलेलं पहिलं मंदिर, नावूमधल्या काही वास्तू आणि कागदपत्रांसह १९ कोटी २५ लाख डॉलरना विकलं गेलं. जुने मालक मंदिर बघायला पैसे घेत. नव्यांनी त्याच महिन्यात दार उघडलं आणि फी काढून टाकली.